करवंदीचा कौल

त्या शनिवारी पंचांनी करवंदीचं फूल हे फूल आहे असं ठरवलं आणि अक्काचं शेत गेलं. मी पारावर होतो. अक्काही होती.

घडलं ते एवढंच. ते लिहायला मला इतकी वर्षं लागली, कारण लिहायला बसलं की त्या माणसांबद्दल लिहावं लागतं आणि त्यांच्यावर शाई खर्च करण्याची माझी इच्छा नसते. आता अक्का गेली. तिच्याबद्दल लिहायचं तर त्यांना टाळता येत नाही.

अक्का माझी थोरली बहीण. आमचं घर चिटगुप्प्याचं. तिला राजेश्वरच्या पलीकडच्या एका गावात दिली होती. गावाचं नाव मी लिहिणार नाही. लिहिलं तर तिथल्या लोकांना वाटेल की आपण पुस्तकात आलो, आणि ते महिनाभर पारावर बसून त्याचंच बोलतील. त्यांना बोलायला एवढंच पुरतं.

तिचा नवरा तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. भावाभावांच्या वाटण्या आधीच झाल्या होत्या. ओढ्याकाठची काळी जमीन थोरल्या दिरानं स्वतःकडे ठेवली होती आणि माळाच्या कडेचा तांबडा, खडकाळ तुकडा धाकट्या भावाला, म्हणजे अक्काच्या नवऱ्याला दिला होता. देताना तो म्हणाला होता म्हणे, की धाकट्याला उंचावरचं शेत दिलंय, हवा चांगली लागते. आमच्या भागातला रिवाज असा होता, की विधवेनं पाट लावला नाही, म्हणजे दुसरं घर केलं नाही, तर नवऱ्याचं शेत ती मरेपर्यंत तिचं. पाट लावला की शेत भावकीचं. अक्कानं पाट लावला नाही. आमच्या वडिलांनी दोनदा विचारलं. ती दोन्ही वेळा 'न्हाई' म्हणाली आणि पुन्हा शेताला गेली.

त्या शेताला हरणांचा जाच होता. माळावर काळविटांचे कळप असत आणि उगवलेलं पीक एका रात्रीत खुडून जात. गावातले लोक दरवर्षी बोराटीच्या काट्या तोडून आणून कुपाटी, म्हणजे काट्यांचं कुंपण, घालत, दरवर्षी ती उन्हाळ्यात वाळवी खाऊन टाके, उरलेली बायका चुलीसाठी ओढून नेत, आणि पुढच्या वर्षी पुन्हा बोराटी. हे त्यांच्या आजोबांच्या आजोबांपासून चाललं होतं आणि त्यात काही बदल करावा असं कुणाला सुचलं नव्हतं. अक्काला सुचलं. तिच्या बांधावर करवंदीची रानटी झुडपं होती, इथं एक, तिथं एक. ती पावसाळ्याच्या तोंडाला त्यांच्या लांब फांद्या वाकवून जमिनीला लावायची, वर माती आणि एक दगड ठेवायची. दगडाखाली फांदीला मुळं फुटली की तिथं नवं झुडूप. जिथं फांदी पोचत नसे तिथं पिकलेल्या करवंदांच्या बिया शेणात कालवून पुरायची. मी सुट्टीत भालकीहून यायचो तेव्हा ती मला बांधावरून फिरवून आणायची आणि कुठली दोन झुडपं आता एकमेकांना भेटली ते दाखवायची. शेवटी चारी बाजू मिळाल्या. ससासुद्धा आत जाईना.

ज्यांनी करवंद फक्त द्रोणात पाहिलं आहे त्यांच्यासाठी सांगतो. झुडूप सदा हिरवं, पानं जाड आणि तकतकीत, आणि पानांच्या बेचक्यात जोडीनं काटे. हात घातला तर रक्त निघाल्याशिवाय बाहेर येत नाही. कुठंही मोडा, पांढरा चीक येतो. तो हाताला लागला तर पाण्यानं जात नाही; अक्का करडईचं तेल चोळून राखेनं हात घासायची आणि तरी बोटांवर काळे डाग राहत. फाल्गुन-चैत्रात या काट्यांच्या ढिगावर पांढऱ्या चांदण्या फुटतात. वास जाईसारखा, पण जाईपेक्षा थोडा कडक. अक्काच्या शेताला चारी बाजूंनी फुलं आली म्हणजे राजेश्वरच्या वाटेवरून येणाऱ्या माणसाला शेत दिसण्याआधी वास यायचा.

एवढं असून त्या फुलाला गावात काही मान नव्हता. ते देवाला वाहत नसत, लग्नाच्या तोरणाला लावत नसत, सवाष्ण बाई ते माळत नसे. शेवंती, मोगरा, आबोली ही फुलं. करवंदीचं ते कुपाटीचं. विचारलं असतं तर गावातल्या लहान पोरानंही हेच सांगितलं असतं.

त्या चैत्रात अक्कानं शेतातून येताना एक लहानसा घोस अंबाड्यात खोवला आणि वरून पदर घेतला. विहिरीवर घागर उचलताना पदर मागं सरला. तिची जाऊ, म्हणजे थोरल्या दिराची बायको, पाठीमागंच उभी होती.

पाट लावताना विधवेच्या केसांत फूल घालतात. आमच्याकडे त्या विधीत याहून फारसं काही नसतंच. तेव्हा थोरल्या दिराचं म्हणणं असं, की हिनं आपल्या हातानं फूल माळलं, म्हणजे ही पाटाला राजी झाली; नवरा कोण ते पुढं कळेल, पण शेत आजच परत द्यावं. माणसाचं डोकं शेताच्या हावेनं किती वेगानं चालतं ते पाहण्यासारखं होतं. एरवी त्याला बैलाचं वय सांगायला दोन दिवस लागत.

अक्कानं भालकीच्या बाजाराला येणाऱ्या एका माणसाबरोबर निरोप पाठवला, की शनिवारी पारावर बोलावलंय, तू ये. मी तेव्हा भालकीच्या शाळेत उर्दू शिकवत होतो. मी रजा घेऊन गेलो.

पार मारुतीच्या देवळासमोर होता. घोंगडी अंथरली होती आणि मधोमध माली पाटील, म्हणजे गावचा सारा वसूल करणारे पाटील, बसले होते. पाटलांना बाराही महिने पडसं असे आणि ऊन चढेपर्यंत त्यांचं नाक मोकळं होत नसे, म्हणून गावाचा न्याय उशिरा सुरू होई. बाकीचे पंच तंबाखू मळत बसले होते. अक्का खाली, पायरीशी उभी होती.

दीर उठला. "माझ्या बायकूनं डोळ्यानं पाहिलंय. अंबाड्यात फूल व्हतं. रांडाव बाई फूल माळती म्हंजे काय, त्ये आता मी फोडून सांगू का?"

"कुणासाठी माळली म्हणं?" मागून कुणीतरी विचारलं. हशा झाला. विचारणाऱ्याचं तोंड मला दिसलं नाही, पण तिथली सगळी तोंडं सारखीच होती.

अक्कानं पदर पुढं ओढला. "फूल न्हाई त्ये. करवंदीचं हाय. तुमच्यापैकी एकानं तरी कवा देवाला वाहिलंय? लग्नात नेलंय? जनावर आडवायचा काटा हाय त्यो. काट्यानं पाट लागतोय का?"

मग एक म्हातारा, जो एवढा वेळ झोपला आहे असं मला वाटत होतं, डोळे न उघडता म्हणाला, "बाई म्हणायली त्ये खोटं न्हाई. करवंद फुलात धरत न्हाईत."

"मग वास कामून येतोय?" दीर ओरडला.

"वास शेणालाबी येतोय, अण्णा," अक्का म्हणाली.

या वेळी हशा तिच्या बाजूनं झाला. पाटीलही हसले आणि शिंकले. मला वाटलं, संपलं, शेत राहिलं. मी शाळेत शिकलेला माणूस. मला वाटे की बोलण्यात जो जिंकला तो जिंकला. दिराचं तोंड मात्र लाल झालं होतं, आणि पाटलांना त्याच्याकडून सावलीचं एक आंब्याचं झाड हवं होतं हे मला पुढं कळलं.

पाटलांनी नाक पुसलं. "पुजारी, तुमीच सांगा. देवाला चालतंय का न्हाई?"

पुजाऱ्याला कुणी कधी काही विचारत नसे. तो ताठ झाला. "चालत न्हाई म्हंजे, पाटील, आजवर कुणी वाहिलं न्हाई. वाहिल्याबगर चालतंय का न्हाई ह्ये कसं कळावं? देवालाच इचारू."

त्या गावात देवाला विचारायची रीत अशी, की मूर्तीच्या छातीवर ओलं फूल चिकटवायचं आणि आरती म्हणायची. आरती होईतो टिकलं तर देवाचा होकार, पडलं तर नकार. याला कौल म्हणतात. मुलगी द्यावी का, विहीर कुठं खणावी, बैल घ्यावा का, सगळं असंच ठरे. एरवी त्यासाठी शेवंतीची पाकळी पाण्यात बुडवून लावत आणि ती बहुधा पडे, त्यामुळे गावात विहिरी कमी होत्या.

दिराचा गडी अक्काच्या शेताकडे पळाला. तो परत आला तेव्हा त्याच्या दोन्ही हातांवर ओरखडे होते आणि मुठीत एक मोठा घोस होता, डहाळीसकट मोडलेला. मोडल्या जागी चीक थेंबाथेंबानं येत होता.

अक्का पायरी चढून वर आली. बाईनं पारावर येऊ नये, पण ती आली. "अण्णा, त्याला चीक असतोय. मोडक्या देठानं लावलं की डिंकावानी बसतंय. माझ्या बोटाचं चार चार दिस निघत न्हाई. लावायचंच तर देठ खुडा, नुसती फुलं घ्या, पाण्यानं लावा. मग पडंल न्हाईतर ऱ्हाईल, मी मानीन."

"देठ खुडून?" पुजारी म्हणाला. "देवाला फूल मुंडकं छाटून वाहू व्हय?"

मीही उठलो. ज्या वस्तूला आपणहून चिकटायचा गुण आहे तिच्यावरून होकार-नकार काढता येत नाही, ही गोष्ट मी जमेल तितकी सोपी करून सांगितली. आवाज चढवला नाही. आवाज न चढवता बोलणाऱ्या माणसाकडे त्या पारावर कुणी बघत नसे.

"मास्तर," पाटील म्हणाले, "तुमी भालकीत पोरांना शिकवायलाव का हितं येऊन मारुतीला शिकवायलाव?"

सगळे हसले. म्हातारासुद्धा हसला, डोळे न उघडता.

पुजाऱ्यानं घोस मूर्तीच्या छातीवर दाबला आणि अंगठ्यानं जरा वेळ दाबून धरला. शेंदरावर पांढरी फुलं फार चांगली दिसत होती, हे मला कबूल केलं पाहिजे. आरती सुरू झाली. घंटा, टाळ, पाटलांचं पडसं. आरती संपली. घोस जागचा हलला नाही. दिरानं मूर्तीसमोर लोटांगण घातलं. तेव्हा तिथल्या सगळ्यांनी मिळून ठरवलं, की देवानं ज्याअर्थी घेतलं त्याअर्थी करवंदीचं फूल हे फूल, ज्याअर्थी फूल त्याअर्थी बाईनं ते माळलं, आणि ज्याअर्थी माळलं त्याअर्थी शेत थोरल्याचं.

त्यांना चीक माहीत नव्हता असं कुणी समजू नये. त्यातला प्रत्येक जण लहानपणी कच्ची करवंदं खाऊन, ओठ चिकटवून घरी गेलेला होता आणि आईचा मार खाल्लेला होता. घरापासून देवळापर्यंत येता येता ते एवढं विसरू शकले. याला लबाडी म्हणायला माझी तयारी नाही. लबाड माणसाला निदान आपण काय करतोय ते ठाऊक असतं. दीर लबाड होता. बाकीचे त्याच्याही खालचे होते. त्यांना खरोखरच भक्ती वाटत होती. एकाच्या डोळ्यांत पाणी होतं.

दुसऱ्या दिवशी अक्का भांडी बांधत असताना मी देवळात डोकावलो. घोस वाळून तपकिरी झाला होता आणि तरीही छातीला घट्ट होता. पुजाऱ्यानं पुढं तो विळीनं खरवडला आणि त्याबरोबर शेंदराचा तळहाताएवढा पोपडा निघाला, असं ऐकलं. त्याचाही त्यांनी काही अर्थ काढला असेल.

बैलगाडीतून चिटगुप्प्याला येताना मी अक्काला म्हणालो, "बीदरला अदालतीत जाऊ. अर्ज मी लिहितो. असल्या कौलाला तिथं कुणी विचारत नाही."

ती बैलांकडे बघत म्हणाली, "तिथं काय इचारतील? कुणासाठी माळलीस, ह्येच ना? मी म्हणीन, माझ्यासाठी. कोण मानंल?"

मी म्हणालो, मी मानतो.

"तू अदालत न्हाईस," ती म्हणाली.

त्यानंतर जे झालं ते मी इकडून तिकडून ऐकलं, पण ऐकताना मला समाधान वाटलं. ते समाधान मी लपवत नाही. मारुतीनं घेतलं म्हटल्यावर गावातल्या सगळ्या सवाष्णींना करवंदीचं फूल हवं झालं. वास तर आजवर प्रत्येकीच्या नाकाला येतच होता. परवानगी नव्हती, एवढंच. त्या रोज सकाळी अक्काच्या, म्हणजे आता दिराच्या, बांधावर जाऊ लागल्या. शनिवारी तर देवासाठी पुरुषही जात. वरची फुलं संपल्यावर आतली ओढायला त्यांनी आकड्या नेल्या. आकडीनं फांदी येत नसेल तर विळा लावला. चैत्र संपला तेव्हा चारी बाजूंना माणूस वाकून आत जाईल एवढी भगदाडं पडली होती. फुलं खुडल्यावर करवंदं येत नाहीत, हे तर होतंच. त्या वर्षी गावात कुणाच्या घरी करवंदाचं लोणचं झालं नाही.

आषाढात दीर चिटगुप्प्याला आमच्या दारात उभा राहिला. मी घरीच होतो. तो पायरीवर बसला, फेटा काढून मांडीवर ठेवला आणि अक्काकडे न बघता म्हणाला, "मूग सगळा हरणांनी खाल्ला. उडीदबी गेला. करवंदं तर धरलीच न्हाईत औंदा. खरं सांग, जाताना काय करणी करून आलीस?"

"फुलं खुडल्यावर फळ कुठून यावं, अण्णा?"

"आन् हरणं? हरणांना कुणी सांगितलं?"

मग तो कशासाठी आला होता ते त्यानं सांगितलं. "चार-सहा म्हैने येऊन ऱ्हा. कुपाटी पैल्यासारखी करून दे. तुझ्या जावंनं म्हणलंय, दोन येळा जेवायला घालू. परकी हाईस का तू?"

मला आठवतं, मी खुर्चीतून उठलो होतो. पण अक्कानं त्याला विचारलं, "कंच्या बाजूची जास्ती मोडली?"

"माळाकडची."

"आन् विहिरीकडची? तिथं दोन लहान झुडपं व्हती, गेल्या साली लावल्याली."

"त्ये कुणी बघितलंय," दीर म्हणाला.

ती उठून आत गेली आणि तांब्यात पाणी घेऊन आली. "पाणी प्या, अण्णा. गाडी लांब जायाची हाय."

तो पाणी प्यायला, तांब्या पालथा घातला आणि गेला. जाताना वेशीपर्यंत तो लोकांना सांगत गेला, की बाईला माया नाही. मी अक्काला रागानं विचारलं, की तू त्याला बाजू कशाला विचारत बसलीस? ती म्हणाली, "बघायचं व्हतं, कुठलं जगंल." एवढं बोलून ती जोंधळे पाखडायला बसली. ती त्या गावात पुन्हा गेली नाही. पुढच्या प्रत्येक चैत्रात ती चार-आठ दिवस कमी बोलायची, आणि आमच्या घरात तेव्हा कुणी फुलं आणत नसे. तिनं तसं सांगितलं नव्हतं. आम्हीच आणत नसू.

पुढं निजामाचं राज्य गेलं. माझी उर्दू गेली. मी उतारवयात नव्यानं कानडीत शाळेचे कागद लिहायला शिकलो. पाटील, पुजारी, थोरला दीर, झोपलेला म्हातारा, सगळे आपापल्या अंथरुणात, पोराबाळांत मेले. असल्या माणसांना बहुधा असंच मरण येतं.

अक्का गेल्या पौषात गेली. तेराव्याला तिचे पुतणे, दिराची दोन्ही मुलं, आले. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. ते चांगलं जेवले. थोरल्यानं दुसऱ्यांदा बुंदी घेतली आणि हात धुताना मला म्हणाला, "काकू देवमाणूस व्हती बगा, मास्तर. तिच्या शेतावर आमचं घर उभं हाय." त्याला त्यात काही वावगं वाटलं नाही. मी त्याला पंचा दिला. मला एवढंच सुचलं.

जाण्याआधी ते ओसरीवर सुपारी कातरत बसले होते. धाकटा सांगत होता, की चैत्रात मोठी ओढाताण होते. गावच्या मारुतीला शनिवारी करवंदीचीच फुलं लागतात, दुसरी चालत नाहीत, आणि शिवारात तर आता एकही झुडूप उरलेलं नाही. पहाटे उठून माळ ओलांडून जावं लागतं. मी त्याला विचारलं, ही रीत कधीपासूनची?

"पूर्वीपासनं," तो म्हणाला. "आमच्या पणज्याच्याबी आधीची आसंल."

थोरल्यानं मान डोलावली.

अक्काच्या शेतात आता तिच्या पुतण्यांचं घर आहे. चैत्रातल्या शनिवारी त्या गावात करवंदीची फुलं देवाला वाहतात.